39 मिनिटांचं व्हाउचर

आमचे चिरंजीव ज्या कार्टूनसमोर जेवतात त्यात डोरेमॉन नावाचा एक निळा यांत्रिक बोका आहे. तो ज्या घरात राहतो त्या घरातल्या मुलाच्या अभ्यासाच्या टेबलाला एक खण आहे आणि त्या खणात टाइम मशीन आहे. खणात उतरलं की माणूस सरळ कालच्या नाहीतर उद्याच्या दिवसात. हे पाहिल्यावर माझ्या मनात पहिला विचार आला तो असा, की खण तर आमच्याही टेबलाला आहे. गेली 19 वर्षं मी तो रोज उघडतो. त्यात शाई वाळलेलं स्टँपपॅड, टाचण्यांची डबी, कोणा ग्राहकाचा राहून गेलेला चष्मा आणि 2016 च्या नोटबंदीतला एक कोरा फॉर्म यापलीकडे काही निघालेलं नाही. तो फॉर्म हातात आला की मात्र माणूस घटकाभर 2016 सालात जातो, हे कबूल केलं पाहिजे.

वेळ थांबवणारं, लांबवणारं, मागे-पुढे नेणारं यंत्र माणसाला फार पूर्वीपासून हवं आहे. एच. जी. वेल्स साहेबांनी 1895 साली ते कादंबरीत बांधून काढलं. आपल्याकडे जयंत नारळीकर 1974 साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत टोपणनावानं उतरले, त्या कथेचं नाव ‘कृष्णविवर’. कृष्णविवराच्या जवळ घड्याळ हळू चालतं म्हणतात. मला यात अशक्य काही वाटत नाही. आमच्या शाखेत पासबुक छापायच्या यंत्राजवळ जी रांग असते, तिथल्या पेन्शनरांचाही अनुभव हाच आहे.

पण मी पडलो बी.कॉम. कॉमर्सच्या माणसाला कुठलीही चमत्काराची गोष्ट सांगा, तो आधी विचारणार की याची दुसरी एन्ट्री कुठे आहे? 1494 साली लुका पाचिओली नावाच्या इटालियन साधूनं डबल एन्ट्रीची पद्धत पुस्तकात छापली. एकाच्या खात्यात जमा पडली तर दुसऱ्या कोणाच्या तरी नावे ती पडलीच पाहिजे. आकाशातून पैसा येत नाही; आला तर तो सस्पेन्स खात्यात टाकायचा आणि ऑडिटरची वाट पाहायची. मग वेळ तरी आकाशातून कशी येईल? गोष्टीतल्या नायकाला एक तास जास्त मिळाला, छान झालं. पण तो कोणाच्या खात्यातून गेला? आमचे कॅशियर याला ‘व्हाउचर दाखवा’ असं म्हणतात. टाइम मशीनच्या एकाही गोष्टीला व्हाउचर जोडलेलं मी पाहिलेलं नाही.

पुराणवाले त्या मानानं चोख. ककुद्मी राजा आपल्या रेवतीला घेऊन ब्रह्मदेवाकडे गेला, मुलीसाठी स्थळ विचारायला. तिथं गाणं चाललं होतं. राजा सभ्य माणूस, गाणं संपेपर्यंत थांबला. मग आपल्या मनातल्या वरांची यादी त्यानं पुढे केली. ब्रह्मदेव हसले आणि म्हणाले, अरे, तू थांबलास तेवढ्यात खाली 27 चतुर्युगं उलटली. यादीतली मुलंच काय, त्यांचे नातू-पणतूसुद्धा राहिले नाहीत. मी सवयीनं हिशेब केला. एक चतुर्युग 43 लाख 20 हजार वर्षांचं, म्हणजे एकूण 11 कोटी 66 लाख 40 हजार वर्षं. जमेला एक मैफल आणि नावे टाकलेलं अख्खं राज्य, आप्तेष्ट, गावकरी. रेवतीला पुढे बलराम मिळाला, स्थळ म्हणून उत्तमच. पण तिच्या मैत्रिणी? त्यांच्याशी अर्धवट राहिलेलं बोलणं? त्याबद्दल तिला कोणी विचारल्याचं दिसत नाही.

भास्कराचार्यांच्या लीलावतीची दंतकथा याच जातीची. लग्नाचा मुहूर्त साधायला घटिकापात्र पाण्यात सोडलेलं. तळाला बारीक भोक, 24 मिनिटांनी ते बुडायचं. लीलावती वाकून बघायला गेली, तिच्या अंगावरचं एक मोती त्यात पडलं, भोक बुजलं, पात्र बुडेना आणि मुहूर्त टळून गेला. एका मोत्यानं काळ थांबवला म्हणायचा! वडिलांनी तिची समजूत काढायला गणिताच्या ग्रंथाला तिचं नाव दिलं. दोन्ही गोष्टींत रक्कम मुलीच्याच नावे पडते, हे मला उगाच खुपतं. असो, दंतकथा आहे.

आता पुराण नको, इतिहास बघू, आणि तोही आमच्या लाइनीवरचा. बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी 16 एप्रिल 1853 ला आली हे ठाण्याच्या पोराला पाळण्यात असल्यापासून माहीत असतं. पण हे फारसं कोणी सांगत नाही की 1870 नंतर 1905 पर्यंत ठाणं स्टेशन हे चक्क टाइम मशीन होतं. कारण रेल्वेची घड्याळं चालायची मद्रास टाइमावर आणि मुंबई चालायची बॉम्बे टाइमावर. मद्रास ग्रिनिचच्या पुढे 5 तास 21 मिनिटं, मुंबई 4 तास 51 मिनिटं. म्हणजे दोघांत बरोबर अर्ध्या तासाचं अंतर. आता एखादा ठाणेकर कारकून डोळ्यांसमोर आणा. मऊभात खाऊन साडेआठच्या सुमारास तो स्टेशनात पाऊल टाकतो, तो तिथं नऊ वाजलेले. घाबरून धावत गाडीत बसतो. तासाभरानं बोरीबंदरला उतरतो तेव्हा दहा. धापा टाकत स्टेशनाबाहेर येतो, तर शहरात साडेनऊ! हरवलेला अर्धा तास फाटकाबाहेर त्याची वाट बघत उभा. हे व्हाउचर मात्र पक्कं बसतं. ठाण्यात नावे, मुंबईत जमा, संध्याकाळी उलट एन्ट्री. रोजच्या रोज टॅली. असा प्रामाणिक काळ पुन्हा होणे नाही.

1881 साली गव्हर्नर फर्ग्युसन साहेबांना वाटलं, मुंबईनंही मद्रास टाइम पाळावा. मुंबईकरांनी ऐकलं नाही, आणि दीडदोन वर्षांत तो हुकूम गुंडाळावा लागला. मग 1 जानेवारी 1906 पासून आला स्टँडर्ड टाइम, तोच आपला आजचा, ग्रिनिचच्या पुढे साडेपाच तास. मुंबईच्या घड्याळाला एकदम 39 मिनिटं पुढे उडी. ज्यांच्या हातात चेन असलेलं घड्याळ होतं त्यांनी काटा फिरवला आणि वर्तमानपत्र वाचायला घेतलं. पण त्याच जानेवारीत हजारो गिरणी कामगारांनी माग बंद ठेवले आणि गिरण्यांवर दगड मारले. 15 हजारांवर नागरिकांनी विरोधाच्या अर्जांवर सह्या केल्या. पुस्तकात हे वाचताना आधी गंमत वाटते. घड्याळावर कसला दगड मारता? पण जरा थांबून बघा. समजा गिरणी सहाला सुरू होते. काल सहाला फटफटत होतं. आज घड्याळात सहा, पण आकाशात पाच एकवीस. काळोखात उठायचं, काळोखात चूल पेटवायची, काळोखात चालायचं. संध्याकाळी 39 मिनिटं लवकर सोडतील याची हमी कोणी द्यायची? तेव्हा कोणी विचारलं असेल, साहेब, काटा तुमच्या हातात आहे हे दिसतंय, पण ही 39 मिनिटं कोणाच्या खात्यातून काढलीत? तर तो प्रश्न अडाण्याचा नव्हे, अकाउंटन्सीचा आहे. इतका सरळ प्रश्न आमच्या इन्स्पेक्शनमध्येसुद्धा कोणी विचारत नाही.

मुंबईची महापालिकाही हट्टाची. तिनं स्वतःच्या घड्याळांपुरता बॉम्बे टाइम पुढे कित्येक वर्षं, पार स्वातंत्र्यानंतरपर्यंत चालू ठेवला. भरीला दुसऱ्या महायुद्धात, 1942 ते 1945, सरकारनं सगळ्या देशाचं घड्याळ आणखी एक तास पुढे ढकललं. आमची आजी शेवटपर्यंत ‘कुठला टाइम, नवा की जुना?’ असं विचारायची. आम्ही हसायचो. तिला उत्तर मिळायचं नाही, म्हणून ती औषध मात्र दोन्ही टाइमांना घ्यायची.

वेळेचा हा फुकटचा पुरवठा सरकारी पातळीवर अजूनही चालतो बरं का. पृथ्वी फिरताना जरा रेंगाळते, म्हणून 1972 पासून मधूनमधून जगाच्या घड्याळात एक सेकंद वाढवतात. असे आजवर 27 झाले (27 चतुर्युगं आणि 27 सेकंद, योगायोग बघा!). शेवटचा मिळाला 1 जानेवारी 2017 ला, आपल्याकडे पहाटे साडेपाचच्या ठोक्याला. त्या वेळी डोंबिवलीच्या फलाटावर उभ्या असलेल्या हजारो माणसांना एकेक सेकंद मिळाला आणि एकालाही पत्ता लागला नाही. आणि बँकेतला म्हणून सांगतो, वेळ आम्हीही थांबवतो. 31 मार्चला रात्री बाहेर कॅलेंडर उलटलं तरी आत हिशेब मिटेपर्यंत 31 मार्चच असतो. बाहेर एक एप्रिलची दूधगाडी आली, आत आम्ही अजून गेल्या वर्षात चहा पितोय. ती वाढीव रात्र बँकेच्या पुस्तकात कुठेच दिसत नाही. ती कोणाच्या नावे पडते ते घरी जाऊन विचारावं.

हा सगळा विषय निघाला आमच्या सात बावन्नच्या डब्यात. आयटीतला एक पोरगा ठाण्यापर्यंत आमच्यात असतो. तो म्हणाला, ‘काका, समजा एक बटण आहे. डोंबिवलीला चढलात, दाबलंत, आणि एकदम सीएसएमटी. मधलं काही कळणारच नाही. दाबाल का?’ तीन-चार हात हवेत बटण दाबायला वर झाले. म्हणजे वर होतेच, खाली यायला जागा नव्हती. मंत्रालयातले साहेब म्हणाले, बटण दाबण्याचे अधिकार कोणाकडे राहतील ते आधी स्पष्ट व्हावं. गोदीतले काका पुढच्या वर्षी रिटायर होतात. ते मला म्हणाले, ‘कारकून, जरा आकडा काढा.’ मी काढला. रोजचे जाऊन-येऊन तीन तास, वर्षाचे 280 दिवस, त्यांची 34 वर्षं. 28 हजार 560 तास. म्हणजे दिवसरात्र धरून 3 वर्षं 95 दिवस. डबा गप्प झाला. तुरुंगातसुद्धा चांगल्या वर्तणुकीची सूट असते, असं कोणीतरी म्हणालं.

‘मी नाही दाबणार,’ काका म्हणाले. ‘माझ्या मुलीचं स्थळ या डब्यात ठरलं. बायको गेली त्या दिवशी स्मशानात अकरा माणसं होती, त्यातली नऊ या डब्यातली. बटण असतं तर तुम्ही मला भेटला कुठे असतात?’

आयटीतला पोरगा हट्टी. म्हणाला, ‘काका, ते तीन तास घरी असता तर काकूंना मिळाले नसते का?’

काकांनी खिडकीबाहेर पाहिलं. कोपरची खाडी बराच वेळ चालली होती. या प्रश्नाला उत्तर नाही असं नव्हे. दोन उत्तरं आहेत आणि दोन्ही खरी आहेत, ही खरी पंचाईत. शेजारच्या लेडीज डब्यात संध्याकाळी बायका मेथी निवडतात, मटार सोलतात. त्यांनाही आम्ही कौतुकानं म्हणतो, वेळेचा काय उपयोग करतात बघा! वास्तविक त्या वेळेचा उपयोग करत नाहीत, घरी गेल्यावर जो तास नावे पडणार आहे तो आगाऊ फेडत असतात.

गाडीनं वेळ वाचवला हेही खरं. पण वाचलेला वेळ ठेवला कुठे? पूर्वी गिरगावातला माणूस कचेरीत चालत जायचा. गाडी आली म्हणून तो दादरला गेला, गाडी जोरात धावायला लागली म्हणून ठाण्याला, आणि ठाण्यात जागा परवडेना म्हणून आम्ही डोंबिवलीला. आता मुलं बदलापूरला ब्लॉक बघतात. गाडी जितके तास वाचवते तितकं घर लांब जातं. वाचवलेल्या वेळेवर व्याज मिळालेला एकही खातेदार मला अजून भेटलेला नाही.

आणि यातली काही मिनिटं फार महाग असतात. 9 जून 2025 ला सकाळी मुंब्र्याजवळच्या वळणावर दोन लोकल शेजारून जात असताना दारात लटकलेली माणसं खाली पडली. त्या दिवशी चार जण गेले. त्यांच्यापैकी प्रत्येकाला कुठेतरी वेळेवर पोचायचं होतं. पुढची गाडी दहा-पंधरा मिनिटांनी असते. ती पकडली तर मस्टरवर लाल खूण. आमच्या डब्यात दुसऱ्या दिवशी कोणी पत्ते काढले नाहीत. गोदीतले काका एवढंच म्हणाले, ‘दहा मिनिटांची किंमत ज्यानं ठरवली, तो कुठल्या गाडीनं येतो?’ मला 1906 चे कामगार आठवले. प्रश्न तोच, फक्त दगड नव्हते.

हे बटणाचं मी एका रविवारी घरी काढलं. रविवारी मेगाब्लॉक असतो, त्यामुळे तत्त्वज्ञानाला वाव मिळतो. आमच्या घरात दोन घड्याळं चालतात. माझं आणि सौ.चं स्टँडर्ड टाइमावर, नेहमी पुढे. सौ. कल्याणच्या एका शाळेत शिकवते, साडेसहाला बाहेर पडते, म्हणून पावणेपाचला उठते. आईचं घड्याळ वेगळं. तिचे गुडघे गेल्यापासून ती दुसऱ्या मजल्यावरून खाली उतरत नाही. आम्हाला दिवस पुरत नाही आणि तिचा दिवस सरत नाही. बँकेच्या भाषेत, एकाच घरात एक खातं ओव्हरड्राफ्टमध्ये आणि दुसऱ्यात रक्कम पडून. साधा ट्रान्सफर करायला काय हरकत आहे?

‘आई,’ मी म्हटलं, ‘समज, एक यंत्र आलं. दुपारी एक ते पाच हा वेळ काढूनच टाकता येतो. जेवलीस, डोळे मिटलेस, की पाच. घेशील?’

आई शेंगा सोलत होती. म्हणाली, ‘आणि सव्वाला शाळेची व्हॅन येते, ती?’

‘ती येईल की.’

‘दार कोण उघडेल? दोनला तो जेवतो. साडेतीनला पाणी येतं, पाऊण तास. मोटर लावायची, पिंप भरायचं. गॅसवाला येतो तोही मेला त्याच वेळेला. तुम्ही फोनवरून मागवता ती खोकी घेऊन माणसं येतात, त्यांना तो आकडा सांगायचा. परवा त्या वरच्या बाईंची किल्ली माझ्याकडेच होती.’ शेंगा संपल्या. ‘तू म्हणतोस ते चार तास काढलेस, तर तुम्ही दोघं कामाला जाणार कसे?’

मी 19 वर्षं व्हाउचर तपासतो. हे व्हाउचर घरात, माझ्यासमोर, शेंगांच्या टरफलांशेजारी पडलेलं होतं. आमचे सगळे वाचलेले तास आईच्या न सरणाऱ्या दुपारीच्या नावे टाकलेले. आणि मी तिला सांगत होतो की तुझ्या खात्यात रक्कम नुसती पडून आहे!

‘मग तुला काहीच नको त्या यंत्राकडून?’ मी विचारलं.

‘मला नको. तिला दे,’ आईनं स्वयंपाकघराकडे मान केली. ‘पहाटे पावणेपाचला तो गजर वाजतो ना, तो थांबव तासभर. पोरीला झोपू दे.’

आतून लाटण्याचा आवाज थांबला. ‘आणि डब्यांच्या पोळ्या, आई?’ सौ.नं विचारलं.

म्हटलं ना, जमा झाली की दुसरी एन्ट्री पाहिजेच. ती शोधायला फार वेळ लागला नाही. दोघींनी एकदम माझ्याकडे पाहिलं. बेवारस रकमेचं खातं सापडल्यावर आमचे मॅनेजर ज्या समाधानानं पाहतात, अगदी तसं.

तेव्हापासून मंगळवारच्या आणि शुक्रवारच्या पोळ्या माझ्याकडे आहेत. परवा जेवणाच्या सुट्टीत आमच्या कॅशियरनी माझ्या डब्यातली एक पोळी नोट तपासावी तशी उजेडाकडे धरली, उलटीसुलटी केली आणि म्हणाले, ‘ही एका बाजूनं मद्रास टाइमात भाजलीय आणि दुसऱ्या बाजूनं बॉम्बे टाइमात.’ मग अर्धी मोडून घेतली आणि खाल्ली.